बखरीचे फाटके पान : ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील कालविचार

प्रस्तावना

मराठी विज्ञानकथेची समीक्षा बहुधा दोन प्रश्नांपाशी येऊन थांबते. कथेतील विज्ञान बिनचूक आहे काय, हा पहिला. आणि ते विज्ञान बाजूला ठेवले तर कथा म्हणून काही उरते काय, हा दुसरा. दोन्ही प्रश्न रास्त आहेत. तथापि काळाविषयीच्या कथांना ते अपुरे पडतात. लेखक जेव्हा एखाद्या कल्पित जगासाठी काळाची वेगळी रचना करतो, तेव्हा तो केवळ भौतिकशास्त्रातील एक शक्यता मांडत नसतो. घडून गेलेल्या गोष्टीची जबाबदारी कोणाकडे जाते, हेही तो ठरवीत असतो. काळ वर्तुळाकार मानला तर जे घडले ते घडणारच होते आणि पुन्हाही घडेल. मग दोष कोणाला द्यायचा? काळाला फाटे फुटतात असे मानले तर जे घडले ते न घडताही राहिले असते. मग फाटा कोठे फुटला आणि कोणामुळे फुटला, याला महत्त्व येते.

डॉ. जयंत नारळीकर (१९३८-२०२५) यांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा या दृष्टीने वाचण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे. कथेचे इंग्रजी रूप ‘द अ‍ॅडव्हेंचर’ या शीर्षकाने अकरावीच्या राष्ट्रीय पाठ्यपुस्तकात समाविष्ट झाल्यामुळे ती महाराष्ट्राबाहेरील विद्यार्थ्यांनाही परिचित आहे. मात्र वर्गात ती बहुधा ‘इतिहास बदलला असता तर’ या एका वाक्यात आटोपली जाते. कथेतील कालसिद्धांत आणि कथेतील प्रत्यक्ष घटना यांच्यात एक ताण आहे. सिद्धांत जे सांगतो ते घटना पुरतेपणी मान्य करीत नाहीत. कथेचे खरे मोल या ताणात आहे.

कथेचे जग

प्रा. गंगाधरपंत गायतोंडे हे इतिहासाचे नामवंत अभ्यासक. सभांचे अध्यक्षस्थान भूषविणे हा त्यांचा जणू दुसरा व्यवसाय. नऊशे नव्याण्णव अध्यक्षीय भाषणे झालेली आहेत आणि हजारावे पानिपतावरील परिसंवादात व्हायचे आहे. पुण्यात एका ट्रकशी टक्कर होते आणि त्यानंतर ते ज्या जगात वावरू लागतात तेथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते. पुणे-मुंबई मार्गावर जिजामाता एक्सप्रेस धावते. मुंबईच्या अलीकडे सरहद्दीचे स्थानक लागते आणि पुढे ब्रिटिश अंमल सुरू होतो. ईस्ट इंडिया कंपनी अद्याप जिवंत आहे, कारण १८५७ घडलेलेच नाही. दिल्लीचा बादशहा नामधारी असून कारभार लोकनियुक्त संसदेच्या हाती आहे. मुंबई ब्रिटिशांकडे आहे ती १९०८च्या तहान्वये दिलेल्या भाडेपट्ट्याने, आणि तो पट्टा २००१ साली संपावयाचा आहे. (आजच्या वाचकाला येथे थोडी गंमत वाटते. आपल्या जगात २००१ येऊन गेले, त्या जगातील मुंबईचे पुढे काय झाले हे आपल्याला कळलेले नाही.)

हे जग रचताना नारळीकरांनी संयम राखला आहे, ही गोष्ट सहसा नोंदविली जात नाही. विजयी मराठ्यांचे जग म्हणजे अटकेपार फडकणाऱ्या झेंड्यांचे चित्र नव्हे. तेथे पेशव्यांनी युरोपातील तंत्रज्ञानाचे महत्त्व वेळीच ओळखले, विज्ञानाची केंद्रे उभारली, इंग्रज तज्ज्ञांची मदत घेतली ती स्वावलंबी होण्यापुरतीच, आणि पुढे लोकशाहीकडे वाटचाल केली. नारळीकरांच्या स्वप्नातील मराठी राज्य प्रयोगशाळांचे आहे. विसाव्या शतकातील एका शास्त्रज्ञाने अठराव्या शतकाकडून बाळगलेली ही अपेक्षा आहे. ती ऐतिहासिकदृष्ट्या कितपत संभाव्य होती, हा प्रश्न कथा विचारीत नाही.

वर्तुळ की फाटा

नारळीकर हे व्यापक सापेक्षतेचे अभ्यासक. काळ स्वतःकडे परत वळू शकतो, ही कल्पना त्यांच्या विषयाला परकी नव्हती. कुर्ट ग्यॉडेल यांनी १९४९ साली आइनस्टाइनच्या समीकरणांचे असे एक उत्तर शोधले होते की, ज्या विश्वात पुढे पुढे जाणारा प्रवासी स्वतःच्या भूतकाळात येऊन पोहोचतो. शिवाय नारळीकरांचे स्वतःचे संशोधन आवर्तनांपासून दूर नव्हते. फ्रेड हॉईल व जेफ्री बर्बिज यांच्यासह १९९३ साली त्यांनी मांडलेल्या विश्वरचनेत विश्व आळीपाळीने प्रसरण व आकुंचन पावते. मात्र दर आवर्तनानंतर ते जेथून निघाले तेथे नेमके परत येत नाही, दीर्घ मुदतीत ते वाढतच जाते. हॉईल यांनी तर ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ (१९६६) या कादंबरीत पृथ्वीच्या वेगवेगळ्या भागांवर वेगवेगळी युगे एकाच वेळी नांदताना दाखविली होती.

भारतीय परंपरेतही वर्तुळाची कल्पना सरळ नाही. योगवासिष्ठातील भुशुंड हा चिरंजीव कावळा वसिष्ठांना सांगतो की, त्याने अनेक सृष्टी पाहिल्या आहेत. काही हुबेहूब सारख्या, काही थोड्याफार सारख्या, काही अगदीच निराळ्या. समुद्रमंथन त्याने एकाहून अधिक वेळा पाहिले आहे. वसिष्ठही त्याला नवे नाहीत. पुनरावृत्ती आहे, पण तंतोतंत नाही. लोकाचारातही हेच दिसते. खानदेशात श्रावणात कानबाई बसते तेव्हा तीच देवी, तेच नारळ, तीच गाणी परत येतात. परंतु रोटांच्या धान्याच्या मुठी घरातील पुरुषांच्या संख्येवर मोजल्या जातात. वर्ष फिरून आले तरी घर तेच राहिलेले नसते आणि हा फरक मोजण्याची सोय विधीतच करून ठेवलेली असते.

पंचांगाचीही तीच कथा. ‘संक्रांत कोसळणे’ हा वाक्प्रचार पानिपतशी जोडण्याची प्रथा आहे, कारण लढाई १४ जानेवारी १७६१ रोजी झाली. परंतु संक्रांतीची इंग्रजी तारीख हळूहळू पुढे सरकत आली आहे. १८६३ साली ती १२ जानेवारीस होती. अठराव्या शतकात ती त्याहूनही अलीकडे पडत असे. म्हणजे ज्या दिवशी भाऊसाहेब रणांगणात उतरले तो दिवस पंचांगाप्रमाणे संक्रांतीचा नव्हताच. दरवर्षी परत येणाऱ्या एका तारखेवर आपण आपले दुःख बसविले आणि ती तारीखच मुळात सरकती निघाली.

इतक्या पर्यायांतून नारळीकरांनी फाटा निवडला. या निवडीमागचे कारण कथेच्या विषयात आहे. वर्तुळात पानिपत दर फेरीत हरावेच लागते, किंवा भुशुंडाच्या सृष्टीप्रमाणे कधीतरी योगायोगाने जिंकले जाते. गंगाधरपंतांना मात्र जिंकलेल्या पानिपतचा पुरावा हवा आहे, आणि पुरावा हा दुसऱ्या शक्यतेतून उचलूनच आणता येतो.

कथेच्या अखेरीस राजेंद्र देशपांडे हे वैज्ञानिक मित्र त्यांना जे समजावून सांगतात त्याचे दोन घटक आहेत. पहिला घटक आपत्तिसिद्धांत. रने तोम या फ्रेंच गणितज्ञाच्या १९७२च्या ग्रंथानंतर त्या दशकात या सिद्धांताची सर्वत्र चर्चा होती. एखादी व्यवस्था काठावर तोललेली असेल तर लहानशा कारणाने ती एकदम दुसऱ्या अवस्थेत कोसळते. पानिपतावर दोन्ही सैन्ये तुल्यबळ होती, लढाई मनोधैर्यावर तोललेली होती, आणि विश्वासरावांना गोळी लागली की नाही या एका गोष्टीने पारडे फिरले. दुसरा घटक पुंजवादातील अनिश्चितता. इलेक्ट्रॉन नेमका कोठे जाईल हे सांगता येत नाही. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेल्या अन्वयार्थानुसार तो एका जगात येथे तर दुसऱ्या जगात तेथे सापडतो. दोन्ही घटक एकत्र केले की एका जगात गोळी लागते, दुसऱ्यात कानाजवळून निघून जाते. टकरीच्या क्षणी गंगाधरपंत पानिपतचाच विचार करीत होते, म्हणून ते एका जगातून दुसऱ्यात सरकले.

मराठी वाचकाला हा सिद्धांत चटकन पटतो. याचे कारण गणितापेक्षा भाषेत अधिक आहे. ‘विश्वास पानिपतात गेला’ ही म्हण मराठीत पूर्वीपासून रूढ आहे. एका राजपुत्राचे नाव आणि एका मनोवृत्तीचे नाव यांवरील हा श्लेष पानिपतच्या पराभवाला एका माणसाच्या मृत्यूत गोळा करतो. नारळीकरांचा आपत्तिसिद्धांत या म्हणीलाच शब्दशः खरे मानतो : विश्वास गेला म्हणून पानिपत गेले, विश्वास राहिला असता तर सारे राहिले असते. लेखकाने हे जाणूनबुजून केले असेल किंवा नसेल, परंतु त्याच्या सिद्धांताखाली ही म्हण भक्कम पायासारखी आहे.

येथेच आक्षेपालाही जागा आहे. सिद्धांताला एकच बिंदू लागतो. इतिहासात असा बिंदू सापडत नाही. नोव्हेंबर १७६० पासून मराठ्यांची छावणी पानिपतला कोंडली गेली होती. दक्षिणेकडचा मार्ग अब्दालीने अडविलेला, रसद तुटलेली, सैन्याबरोबर यात्रेकरू आणि बायकामुले. सूरजमल जाट बाजूला झालेला, शुजाउद्दौला अब्दालीस मिळालेला. उपाशी मरण्यापेक्षा लढून मरावे या निर्णयाने सैन्य बाहेर पडले. ज्या लढाईत माणसे आणि जनावरे आठवडेच्या आठवडे अर्धपोटी होती, ती केवळ मनोधैर्यावर तोललेली होती असे म्हणणे धाडसाचे आहे. गोळी चुकली असती तरी भूक चुकली नसती.

परिणामी फाट्याचा सिद्धांत आणि वर्तुळाचा सिद्धांत वरवर विरुद्ध दिसले तरी एका बाबतीत एकत्र येतात. वर्तुळ म्हणते, हे व्हायचेच होते. फाटा म्हणतो, हे एका गोळीमुळे झाले. दोन्हीकडे रसदीची, तहांची, मित्र जोडण्या-तोडण्याची, निर्णयांच्या दिरंगाईची चौकशी करण्याची गरज उरत नाही. मराठी मनाला पानिपतविषयी जे सांत्वन हवे असते, ते राजेंद्र देशपांडे यांच्या तोंडून विज्ञानाच्या भाषेत मिळते.

बखरीचे पान

कथा मात्र इतकी भाबडी नाही, आणि त्याची साक्ष तिच्यातील ग्रंथ देतात. मुंबईच्या टाऊन हॉलमधील ग्रंथालयात गंगाधरपंत इतिहासाचे पाच खंड वाचायला घेतात. हे खंड त्यांचे स्वतःचेच आहेत. पहिला अशोकापर्यंत, दुसरा समुद्रगुप्तापर्यंत, तिसरा महंमद घोरीपर्यंत, चौथा औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंत. चार खंडांत काहीही बदल नाही. पाचव्यात मात्र ते स्वतःच लिहिलेले, पण कधीही न लिहिलेले, पान वाचतात.

कथेतील सर्वांत समृद्ध जागा हीच होय. लेखकाने येथे फार कमी शब्द खर्च केले आहेत. पाचवा खंड जर त्या जगात आहे, तर तो लिहिणारा गंगाधर गायतोंडेही तेथे असला पाहिजे, किंवा असून गेला असला पाहिजे. तो कोठे आहे? पाहुणा गंगाधरपंत मुंबईत आपल्या मुलाचा शोध घेतात. तो तेथे नसतो. स्वतःचा शोध मात्र ते घेत नाहीत, तो घेण्याइतका वेळच कथा त्यांना देत नाही. सिद्धांताने दोन जगे दिली, तर प्रत्येक जगाला आपापला गंगाधरपंतही द्यावा लागतो, आणि मग ट्रकच्या टकरीनंतर दोघांपैकी कोण कोठे गेला याचा हिशोब लागत नाही. फाटा म्हणून सुरू झालेली रचना येथे वर्तुळासारखी वागू लागते : एक इतिहासकार स्वतःचा ग्रंथ वाचून असा इतिहास शिकतो, जो त्याने स्वतःच लिहिलेला आहे. राजेंद्र देशपांडे यांच्या स्पष्टीकरणात या प्रसंगाला जागा नाही. गंगाधरपंत का गेले हे सविस्तर सांगितले जाते. ते परत कसे आले याविषयीचे बोलणे मात्र फारच तोकडे आहे.

परत येताना त्यांच्याजवळ उरते ते पाचव्या खंडाचे नव्हे, तर ‘भाऊसाहेबांची बखर’ या ग्रंथाचे एक फाटके पान. ग्रंथालयातून निघताना ती बखर अनवधानाने त्यांच्या खिशात गेलेली असते. मैदानावरील गोंधळात ती हरवते आणि पान तेवढे राहते. या पानावर विश्वासरावांच्या कानाजवळून गोळी गेल्याचा उल्लेख आहे. आपल्या जगातील प्रतीत ती गोळी लागलेली आहे. दोन जगांच्या अस्तित्वाचा एकमेव पुरावा हाच.

पुरावा म्हणून बखर निवडली जाणे, यातील उपरोध इतिहासाच्या विद्यार्थ्याच्या लक्षात यायला हवा. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला, तो पानिपतपर्यंतच्या काळाच्या पत्रांचा. त्याच्या दीर्घ प्रस्तावनेत त्यांनी बखरींच्या विश्वसनीयतेवर कडक टीका केली आणि अस्सल समकालीन पत्रांना प्राधान्य दिले. आधुनिक मराठी इतिहासलेखनाचा एक मोठा आरंभ पानिपतवरच आणि बखरींवर अविश्वास दाखवूनच झाला, असे म्हणण्यास हरकत नाही. राजवाडे यांचे निधन ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात झाले आणि त्यांचा संग्रह सांभाळण्यासाठी तेथे राजवाडे संशोधन मंडळ उभे राहिले. खानदेशातील अभ्यासकाला म्हणून पत्र आणि बखर यांतील फरक वेगळा शिकवावा लागत नाही. पत्रे घडत्या घटनेबरोबर चालतात. त्यांत उद्याचा निकाल लिहिणाऱ्याला ठाऊक नसतो. बखर निकाल लागल्यावर लिहिली जाते आणि सर्व सूत्रे त्या निकालाकडे ओढते. त्यामुळे एका गोळीत लढाई सामावण्याचे काम बखरीलाच शोभते. पत्रांना ते जमत नाही. पराभवाची वार्ता देणारे ते प्रसिद्ध पत्रसुद्धा मोती, मोहरा आणि खुर्दा अशा सावकारी भाषेत मृतांची मोजदाद करते. त्यात एका माणसाचे नव्हे, तर न मोजता येण्याइतक्या माणसांचे नुकसान आहे.

गंगाधरपंतांच्या खिशात त्या जगातील एखादे अस्सल पत्र निघाले असते तर काय झाले असते, हा प्रश्न येथे विचारण्यासारखा आहे. त्या पत्रात बहुधा रसदीचा उल्लेख असता, एखाद्या तहाचा असता, सूरजमल राहिल्याचा असता. मग फाटा एका गोळीपाशी न फुटता कित्येक महिने आधी आणि अनेक ठिकाणी फुटलेला दिसला असता. बखरीचे पान सिद्धांताला सोयीचे आहे, म्हणूनच ते पुरावा म्हणून दुबळे आहे. लेखकाने पान फाटके ठेवले, आगेमागे काय लिहिले होते ते हरवू दिले, यात त्याची सावधगिरी दिसते.

आझाद मैदान

सिद्धांताच्या सांत्वनाला खरा छेद देणारा प्रसंग मात्र ग्रंथालयात नसून आझाद मैदानावर आहे. विजयी जगात एक व्याख्यान चालू असते, व्यासपीठावर अध्यक्षाची खुर्ची रिकामी असते. गंगाधरपंतांना ते सहन होत नाही. ते उठतात, खुर्चीवर बसतात आणि भाषण सुरू करतात. श्रोते त्यांना ओरडून सांगतात की, अध्यक्ष, प्रास्ताविक, आभार या गोष्टी आम्ही केव्हाच मोडीत काढल्या आहेत. ते थांबत नाहीत. तेव्हा त्यांच्यावर हाती येईल ते फेकले जाते आणि शेवटी लोक व्यासपीठावर चढून येतात.

प्रसंग विनोदी आहे आणि तो तसाच वाचला जातो. परंतु त्याचा अर्थ गंभीर आहे. ज्या माणसाने आयुष्यभर ‘पानिपत जिंकले असते तर’ या विषयावर बोलायचे ठरवलेले आहे, त्याला पानिपत जिंकलेल्या जगात बोलायला जागा नाही. त्या जगाला त्याच्या हळहळीची गरज नाही. पराभवाने एक सभासंस्कृती निर्माण केली : परिसंवाद, अध्यक्षीय समारोप, दरवर्षी त्याच तारखेला तीच कारणमीमांसा. नऊशे नव्याण्णव भाषणे ही खऱ्या अर्थाने या कथेतील पुनरावृत्तीचे वर्तुळ आहे. राजेंद्र देशपांडे यांचा सिद्धांत त्याची दखल घेत नाही, कारण ते भौतिकशास्त्राचे नसून सवयीचे वर्तुळ आहे. अब्दाली एकदा जिंकला. गंगाधरपंत आणि त्यांचे श्रोते मात्र दर सभेत नव्याने हरत आले आहेत.

येथे एक योगायोग नमूद करावासा वाटतो. डिसेंबर २०२१मध्ये नाशिक येथे झालेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी नारळीकरांची निवड झाली होती, परंतु प्रकृतीच्या कारणास्तव ते प्रत्यक्ष उपस्थित राहू शकले नाहीत. त्यावरून बरीच उलटसुलट चर्चा झाली. अध्यक्षाविना सभा भरू शकते ही आझाद मैदानावरील श्रोत्यांची भूमिका त्या चर्चेत कोणी मांडल्याचे दिसत नाही.

कथेच्या तांत्रिक मर्यादाही दुर्लक्षिण्यासारख्या नाहीत. अखेरचा संवाद हा मराठी विज्ञानकथेतील परिचित दोष आहे : एक जाणकार बोलतो, दुसरा शंका विचारतो आणि वाचकाला धडा मिळतो. नारळीकरांच्या इतर कथांतही हे आढळते. ‘उजव्या सोंडेचा गणपती’ या कथेत डाव्या-उजव्याची अदलाबदल इतकी दृश्य आणि मूर्त आहे की स्पष्टीकरणाचे ओझे तेथे कमी भासते. प्रस्तुत कथेत ते जास्त भासते, कारण काळाचा फाटा डोळ्यांना दिसत नाही. पण याच संवादाच्या शेवटी कथा आपल्या सिद्धांताला मागे टाकते. हजारावे भाषण आता होणार ना, या अर्थाचा विषय निघतो तेव्हा गंगाधरपंत सांगतात की, ते आझाद मैदानावर होऊन गेले, तेथेच ते अर्धवट तोडले गेले, आणि पानिपतच्या परिसंवादाच्या आयोजकांना आपण नकार कळविला आहे.

हा नकार कोणत्याही समीकरणातून आलेला नाही. त्याला पुंजवादाची गरज नव्हती आणि ट्रकचीही नव्हती. दोन जगांपैकी एकातही न घडलेली गोष्ट गंगाधरपंत आपल्या घरात बसून करतात, आणि तीही खुर्चीच्या बाबतीत. पाचव्या खंडाचे पुढे काय करायचे, याविषयी ते काहीच बोलत नाहीत.